स्ट्रायकरला सामने द्या: भारतीय फुटबॉल महासंघाच्या अध्यक्षांना खुले पत्र

प्रति,
मा. अध्यक्ष आणि कार्यकारी समिती,
अखिल भारतीय फुटबॉल महासंघ, नवी दिल्ली
प्रत: वेस्टर्न इंडिया फुटबॉल असोसिएशन, मुंबई

महोदय,

17 ऑक्टोबर 2024 रोजी काठमांडूच्या दशरथ स्टेडियमवर दक्षिण आशियाई देशांच्या सॅफ स्पर्धेत भारताने पाकिस्तानला 5-2 असं हरवलं. त्यातला एक गोल एन. बाला देवीचा होता आणि तो तिचा पन्नासावा आंतरराष्ट्रीय गोल होता. भारताच्या एकाही महिला खेळाडूने त्याआधी हा आकडा गाठला नव्हता. त्या दिवशी अभिनंदनाच्या पोस्ट भरपूर फिरल्या, आमच्या ग्रुपवरही आल्या. मी कोल्हापुरात शाळेच्या मुलींना फुटबॉल शिकवते. त्यातल्या एकीने विचारलं, "मॅडम, ती 34 वर्षांची आहे, मग पन्नासच कसे?"

पोरगी युरोपातली लीग मोबाईलवर बघते. तिथल्या स्ट्रायकर बायका एकेका हंगामात किती गोल करतात हे तिला पाठ आहे. मी तिला थोडंफार समजावलं, पण खरं उत्तर आपल्याकडून यायला हवं, म्हणून हे पत्र.

बाला देवीचा जन्म 2 फेब्रुवारी 1990 चा, मणिपूरच्या बिष्णुपूर जिल्ह्यातल्या इरेंगबाम गावचा. मुलांबरोबर खेळत शिकली आणि 2005 मध्ये, पंधराव्या वर्षी, भारताच्या संघात आली. इतक्या लहान वयात कुणी फॉरवर्ड, म्हणजे गोल करायला पुढे खेळणारी, हाती लागली तर कुठलाही शहाणा प्रशिक्षक काय करेल? तिला सामन्यांमागून सामने देईल. आपल्याकडे झालं असं की भारतीय महिला संघ दीड वर्षाहून अधिक काळ एकही आंतरराष्ट्रीय सामना खेळला नाही आणि 2009 मध्ये फिफाच्या क्रमवारीतून त्याचं नावच गळलं. बाला तेव्हा 19 ची होती. 17 ते 19 या वयात फॉरवर्डला बचावपटूच्या पाठीमागून कधी पळायचं, कुठे थांबायचं, ऑफसाइडच्या रेषेवर पाय कसा रोखायचा हे अंगवळणी पडतं. त्याच वर्षांत देशाच्या संघाकडे सामना नव्हता. आपण तेव्हा पदावर नव्हता हे मान्य. पण महासंघ तोच आहे.

आपण स्वतः गोलकीपर म्हणून खेळलात, त्यामुळे हे आपल्याला वेगळं सांगायला नको. कीपर तिशीनंतर मुरतो, पस्तिशीतही संघाचा आधार असतो. फॉरवर्डचं तसं नाही. पहिल्या दोन पावलांचा वेग एकदा गेला की तो परत येत नाही. तिच्या हातात जेमतेम दहा-बारा वर्षं असतात आणि त्यातलं एकेक वर्ष आपण बैठका, निवडणुका आणि प्रायोजकांची वाट पाहण्यात घालवता.

आता 2014 बघा. बाला 24 ची, ऐन भरात. इंचॉनच्या आशियाई स्पर्धेत भारताने मालदीवला 15-0 असं हरवलं, त्यात पाच गोल सस्मिता मलिकचे आणि पाच कमला देवीचे, बालानेही गोल केले. त्याच स्पर्धेत पुढे दक्षिण कोरियाकडून 0-10 आणि थायलंडकडूनही 0-10. कागदावर हे तीन निकाल एका ओळीत बसतात. फॉरवर्डच्या जागी उभं राहून बघा. एका सामन्यात गोलांचा पाऊस, आणि मग दोन सामने असे की चेंडू पायाला लागतो तो बहुतेक वेळा सेंटर करतानाच, म्हणजे गोल खाल्ल्यावर मैदानाच्या मध्यावरून खेळ पुन्हा सुरू करताना. दहा गोल खाल्ले म्हणजे दहा वेळा सेंटर. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये इस्लामाबादच्या सॅफ स्पर्धेत बालाने एकटीने 16 गोल केले आणि भारत विजेता ठरला. 2014 आणि 2015 अशी सलग दोन वर्षं महासंघाने तिला सर्वोत्तम महिला खेळाडूचा पुरस्कार दिला.

कुणी म्हणेल की पन्नासातले बरेचसे गोल शेजारच्या दुबळ्या संघांवर आहेत. आहेतच. मी मुलींपासून ते लपवत नाही. पण दुबळे संघ आणि बलाढ्य संघ, या दोहोंच्या मधल्या संघांशी सामने तिला कुणी दिले? व्हिएतनाम, म्यानमार, उझबेकिस्तान, तैवान अशा आपल्याहून थोड्या वरच्या संघांशी दर दोन-तीन महिन्यांनी खेळायला मिळालं असतं, तर 24 वर्षांची ती मुलगी 27 व्या वर्षी काय झाली असती, याचा हिशोब आता कुणालाच मांडता येणार नाही. पैलवानाला कुस्त्याच लावल्या नाहीत तर नुसत्या जोर-बैठकांवर तो मैदानाचा होत नाही, हे आमच्या गंगावेशीतलं शेंबडं पोरही सांगेल.

महिलांची राष्ट्रीय लीग देशात सुरू झाली ती 2016-17 च्या हंगामात. अंतिम टप्पा दिल्लीत 2017 च्या जानेवारी-फेब्रुवारीत झाला, म्हणजे बाला तेव्हा 27 ची होत होती. बारा वर्षं भारताकडून खेळून झाल्यावर तिला देशात लीग मिळाली! आणि लीग तरी कसली? एका शहरात सगळे संघ गोळा करायचे, दोन-तीन आठवड्यांत स्पर्धा उरकायची, करंडक द्यायचा आणि घरी पाठवायचं. 2018-19 चा हंगाम तर लुधियानात, मे महिन्यात. पंजाबातला मे आपल्याला ठाऊक असेल. त्या उन्हात बालाने मणिपूर पोलिसांकडून सात सामन्यांत 26 गोल केले. अंतिम सामन्यात सेतू एफसीने त्यांना 3-1 असं हरवलं आणि हंगाम संपला. देशातली सर्वांत धारदार फॉरवर्ड, सामन्याला साडेतीन-पावणेचार गोलांची सरासरी, आणि वर्षभरात लीगचे सामने सात!

इथे मणिपूर पोलिसांचा उल्लेख मी मुद्दाम करते आहे. बालाची फुटबॉलची कारकीर्द इतकी लांबली त्याचं एक मोठं कारण म्हणजे तिला पोलिसांत नोकरी होती. दर महिन्याला पगार यायचा. भारताची माजी कर्णधार बेमबेम देवी हिच्यापासून पुढे मणिपूरच्या कित्येक खेळाडूंनी भारतीय महिला फुटबॉल पेललं ते अशा नोकऱ्यांच्या, गावातल्या क्लबांच्या आणि घरच्यांच्या जोरावर. याचं श्रेय एका छोट्या डोंगरी राज्याचं आहे. आपल्या सादरीकरणांमध्ये ते महासंघाच्या खात्यावर दिसलं की मला राग येतो, हे स्पष्टच लिहिते.

मग स्कॉटलंडचा रेंजर्स क्लब. नोव्हेंबर 2019 मध्ये बाला ग्लासगोला ट्रायलसाठी गेली. बेंगळुरू एफसीची रेंजर्सशी भागीदारी होती, तो धागा कामी आला. डिसेंबरमध्ये ती नेपाळात पोखऱ्याला दक्षिण आशियाई स्पर्धा खेळली, अंतिम फेरीत यजमान नेपाळवर भारताचे दोन गोल झाले आणि दोन्ही तिचेच. 29 जानेवारी 2020 रोजी रेंजर्सने तिच्याशी दीड वर्षाचा करार केला, पाठीवर 10 नंबर दिला. युरोपातल्या क्लबशी व्यावसायिक करार करणारी ती पहिली भारतीय महिला खेळाडू. त्या दिवशी तिची तिशी चार दिवसांवर आली होती.

तिशी! फॉरवर्ड म्हणून तिला पारखायला ग्लासगोला काही दिवस पुरले. आपल्याकडे ती पंधरा वर्षं डोळ्यांसमोर होती. तिकडे पोचून ती स्थिरावते तोच कोविडने हंगाम बंद पडला. डिसेंबर 2020 मध्ये मदरवेलविरुद्धच्या 9-0 सामन्यात बदली खेळाडू म्हणून उतरून तिने रेंजर्सकडून पहिला गोल केला. 2021 मध्ये गुडघ्याचं लिगामेंट फाटलं, शस्त्रक्रिया झाली आणि स्कॉटलंडचा अध्याय तिथेच आटोपला. ज्याला खेळाडू थोडक्यात "एसीएल गेलं" म्हणतात ती ही दुखापत. बायकांमध्ये तिचं प्रमाण पुरुषांपेक्षा बरंच जास्त असतं हे आता जगभर मान्य झालंय. सावरायला नऊ महिने ते वर्ष लागतं, कित्येक जणी परत येतच नाहीत. बाला परत आली. 2023 च्या हांगझाउ आशियाई स्पर्धेच्या संघात तिचं नाव होतं, आणि त्यानंतर वर्षभराने काठमांडूचा तो पन्नासावा गोल. तिशीनंतर फाटलेल्या गुडघ्यावरून पुन्हा देशाच्या संघात येणं काय असतं, ते ज्याने एकदा तरी फिजिओच्या टेबलावर पाय वाकवायचा प्रयत्न केलाय त्यालाच कळेल.

ती जखमी असताना इकडे काय चाललं होतं? 2022 च्या जानेवारीत महिलांचा एएफसी आशियाई चषक आमच्या महाराष्ट्रात झाला: नवी मुंबईचं डी. वाय. पाटील, अंधेरी आणि पुण्याचं बालेवाडी. विश्वचषकाची पात्रता या स्पर्धेतूनच ठरणार होती. आमच्याकडच्या मुलींसाठी यापेक्षा मोठी संधी कुठली? 20 जानेवारीला भारत इराणशी 0-0 असा बरोबरीत खेळला. 23 ला तैवानविरुद्ध उतरायला आपल्याकडे 13 खेळाडूदेखील धड नव्हत्या, सगळा चमू कोविडने आडवा झाला होता. भारत स्पर्धेबाहेर गेला, झालेला सामनाही रद्दबातल धरला गेला. स्वतःच्या अंगणात, स्वतःच्या यजमानपदाखाली! खेळाडूंचं विलगीकरण कुठे फसलं याचा सविस्तर अहवाल निदान त्या मुलींना तरी दाखवायला हवा होता.

त्याच वर्षी ऑगस्टमध्ये फिफाने आपल्या महासंघाला निलंबित केलं. गोकुलम केरळच्या मुली तेव्हा आशियाई क्लब स्पर्धेसाठी ताश्कंदला पोचल्या होत्या. राष्ट्रीय लीग जिंकून त्यांनी ती जागा कमावली होती. त्या न खेळताच परतल्या. निलंबन महिनाअखेरीआधीच उठलं, निवडणूक झाली आणि आपण अध्यक्ष झालात. पुरुषांचा फुटबॉल त्या भानगडीतून बऱ्यापैकी सहीसलामत सुटला. किंमत मोजली ती ताश्कंदच्या हॉटेलात बसलेल्या मुलींनी.

आता आपल्या कारकिर्दीविषयी. काही गोष्टी चांगल्या झाल्या आहेत, त्या नाकारणार नाही. 2023-24 आणि 2024-25 या हंगामांत लीग घरच्या आणि बाहेरच्या मैदानांवर झाली. 2023-24 मध्ये सात संघ होते, म्हणजे प्रत्येकाला 12 सामने, आणि 2024-25 मध्ये आठ संघांना प्रत्येकी 14. प्रत्येक क्लबने किमान दहा भारतीय खेळाडूंना वर्षाला निदान 3 लाख 20 हजार रुपयांचा करार द्यावा, हा निर्णयही आपल्याच काळातला. महिन्याला 26-27 हजार होतात. श्रीमंती नव्हे, पण घरी बापाला सांगायला एक आकडा मिळाला. आणि जुलै 2025 मध्ये चियांग माईला भारताने थायलंडला 2-1 असं हरवून पहिल्यांदाच पात्रता फेरीतून आशियाई चषक गाठला. दोन्ही गोल संगीता बासफोरचे. त्याच पात्रता फेरीत मंगोलियावर 13 गोल झाले, त्यातले पाच प्यारी खाखाचे. आम्ही शाळेच्या संगणक खोलीत थायलंडविरुद्धच्या गोलांची क्लिप इतक्यांदा लावली की शिपाईमामा वैतागले.

पण थोडं खोलात बघा. 2018-19 मध्ये बाला लीगची सर्वाधिक गोल करणारी खेळाडू होती. त्यानंतर 2024-25 पर्यंत हा मान एकाही भारतीय मुलीला मिळालेला नाही. नेपाळची सबित्रा भंडारी, घानाची एल्शडाय अचेम्पाँग, युगांडाची फाझिला इकवापुट. या बाहेरच्या खेळाडू लीगचा दर्जा वाढवतात आणि त्या हव्यातच, माझं त्यांच्याशी काही भांडण नाही. क्लबवाला शेवटी गोलसाठी पैसे मोजतो आणि गोल करणारी तयार बाई बाहेर मिळते. प्रश्न असा की 14 सामन्यांच्या हंगामात क्लब आपल्या 19 वर्षांच्या फॉरवर्डवर जुगार का खेळेल? चार सामने तिला गोल जमला नाही तर हंगामाचा चौथा हिस्सा गेलेला असतो. म्हणून ती विंगवर ढकलली जाते, नाहीतर बाकावर बसते. फॉरवर्ड घडवायला चुकायला वाव असलेली लीग लागते. हंगाम लांब पाहिजे आणि खालच्या विभागात राखीव संघ पाहिजेत.

सामन्यांनी काय होतं याचा दाखलाही आपल्याच दफ्तरात आहे. नोव्हेंबर 2021 मध्ये मानाउसला ब्राझीलने भारताला 6-1 असं हरवलं. तो एक गोल मनीषा कल्याणचा. एवढ्या मोठ्या संघाविरुद्ध प्रतिहल्ल्यातून पळत जाऊन शांतपणे चेंडू जाळ्यात टाकला. पुढच्या वर्षी ती सायप्रसच्या अपोलॉन लेडीजकडे गेली, युरोपातल्या महिला चॅम्पियन्स लीगमध्ये खेळणारी पहिली भारतीय ठरली, नंतर ग्रीसच्या पाओककडे गेली. ज्योती चौहान क्रोएशियात दिनामो झाग्रेबकडून खेळून आली. बालाने ग्लासगोत दार ढकललं ते उघडं राहिलं, हे तिचं पन्नास गोलांइतकंच मोठं काम. पण त्या दारापर्यंत प्रत्येकीला स्वतःच्या ओळखीपाळखीनेच का पोचावं लागतं? बाहेर ट्रायलला जाणाऱ्या खेळाडूला व्हिसाची कागदपत्रं, सामन्यांचे व्हिडिओ, वैद्यकीय नोंदी पुरवणारा एक माणूस महासंघात बसवायला असा किती खर्च येतो?

दुखापतीचं तर विचारूच नका. बालाचं लिगामेंट फाटलं तेव्हा ती युरोपातल्या क्लबच्या करारात होती आणि मागे सरकारी नोकरी होती. माझ्या ओळखीतल्या एका मुलीचा गुडघा राज्य पातळीवरच्या सामन्यात गेला. शस्त्रक्रियेचा आकडा लाखांत. वडील रिक्षा चालवतात. ती आता फुटबॉल खेळत नाही. तिची गोष्ट मी कुणावर बोट दाखवायला सांगत नाही, कारण नियमाप्रमाणे कुणीच काही चुकलं नव्हतं. मी म्हणते तो नियमच नाही आहे. महासंघाकडे नोंदणी असलेल्या प्रत्येक मुलीला सामना आणि सराव या दोन्हींसाठी विमा हवा, त्यात गुडघ्याची शस्त्रक्रिया आणि नंतरचं फिजिओ दोन्ही बसायला हवं. किमान कराराची मुदतही दुखापत झाली म्हणून आटोपता येऊ नये. फिफाने 2021 पासून खेळाडूंना 14 आठवड्यांची बाळंतपणाची रजा आणि त्या काळात निदान दोन तृतीयांश पगार बंधनकारक केलाय. आपल्या लीगमधल्या किती करारांमध्ये ते कलम आहे, हे एकदा जाहीर करावं.

आता थोडं आमच्या गावाचं. कोल्हापूरला फुटबॉल शिकवायची गरज नाही. पाटाकडील आणि दिलबहार या तालीम मंडळांचा सामना असला की शाहू स्टेडियमच्या आसपासचे रस्ते बंद होतात, पेठेपेठेत भांडणं लागतात, लग्नाचे मुहूर्त सामना बघून काढतात (हे थोडं वाढवून सांगितलं, पण थोडंच). अनिकेत जाधव इथूनच 17 वर्षांखालच्या विश्वचषकात पोचला. एफसी कोल्हापूर सिटीचा मुलींचा संघ राष्ट्रीय लीगमध्ये खेळला होता, तेव्हा आमच्याकडच्या किती पोरींनी पहिल्यांदा स्टड घेतले हे मी पाहिलंय. पण तालीम मंडळांच्या लेखी मुलींचा संघ म्हणजे अजून उद्घाटनाच्या सामन्यापुरता. त्यांना मी वेगळं पत्र लिहिणार आहे, त्यांच्याशी भांडायची भाषा वेगळी आहे. आपल्याशी संबंध येतो तो इतकाच की राज्य संघटनांना वरून पैसे देताना मुलींच्या जिल्हा लीगची अट घाला आणि ती झाली की नाही हे बघायला माणूस पाठवा. गोव्याची करिश्मा शिरवोयकर भारताच्या संघात पोचली, कारण गोव्यात मुलींना खेळायला क्लब आणि सामने दोन्ही होते. महाराष्ट्रात मैदानं आहेत, पैसा आहे, वेड तर आहेच. नाहीत ते सामने.

आणि एक विनंती तातडीची. माझ्याकडे या वर्षी दोन फॉरवर्ड आहेत, दोघी बारावीला. बोर्डाची परीक्षा फेब्रुवारीत सुरू होते. 2025 ची राष्ट्रीय लीग 10 जानेवारीला सुरू होऊन एप्रिलमध्ये संपली, म्हणजे नेमकी परीक्षेच्या अंगावर. राज्याच्या निवड चाचण्यांची तारीख आम्हाला कळते ती कधी आठ दिवस आधी, कधी चार. या दोघींच्या आया मला विचारतात, "मॅडम, खेळायचं की पेपर द्यायचा ते सांगा." तारखा हातात नसताना मी काय सांगू? वर्षाचं वेळापत्रक, लीगचं, राष्ट्रीय स्पर्धेचं, वयोगटांच्या शिबिरांचं आणि राज्य चाचण्यांचं, जूनमध्ये शाळा उघडतात तेव्हा जाहीर करा आणि ते मोडू नका. मराठीत नसलं तरी चालेल, आम्ही वाचून घेऊ.

आपली,
मुलींच्या फुटबॉल संघाची एक प्रशिक्षिका,
कोल्हापूर